पश्चिमेकडचा अर्धा भाग

घराचा अर्धा भाग विकायचा ठरला, तेव्हा विक्रीचा करार मी स्वतःच लिहायचं ठरवलं. शाळा मी दुसरीत सोडली (शाळेनेच मला सोडलं असं माझ्या तिघी सुना सांगतात, त्यांच्याकडे लक्ष देऊ नका), पण पुढे कायद्याची तीन जाडजूड पुस्तकं भाजी शिजेपर्यंतच्या वेळात वाचून काढली.

आमचे हे म्हणाले, "एकदा वकिलाला दाखव."

"तुम्ही गप्प बसा," मी म्हणाले. ते बसले. त्यांना सराव आहे.

घराच्या एका बाजूला माझं स्वयंपाकघर आणि आमची खोली, दुसऱ्या बाजूला अडगळीच्या दोन खोल्या. त्या दोन खोल्या गल्लीतल्या घड्याळजीला द्यायच्या. करारात दिशा लिहावी लागते. सकाळी सातला स्वयंपाकघराच्या खिडकीतून ऊन थेट ओट्यावर आलं. म्हणजे ही पूर्व! मी झोकात लिहिलं, 'पश्चिमेकडील अर्धा भाग घड्याळजीस देण्याचे ठरले.' खाली दोघांच्या सह्या.

पुढच्या आठवड्यात घड्याळजी अडगळीचं माप घ्यायला आला. खिशातून होकायंत्र काढलं, मान वाकडी केली आणि म्हणाला, "काकू, दिशा उलटी पडली. ओट्यावरचं ऊन समोरच्या नव्या इमारतीच्या काचांवरून येतंय. कागदावर मी तुमचं स्वयंपाकघर घेतलंय! चला, दुरुस्त करून टाकू."

इथेच 'बरं' म्हणायचं होतं. मी म्हणाले, "माझी चूक? तुझं यंत्र बिघडलंय. लबाड कुठला!"

आठ दिवस मी त्याला गल्लीभर लबाड म्हणत फिरले. नवव्या दिवशी कोर्टाचं समन्स आलं. लिहून दिलंय तेच द्या म्हणून!

न्यायाधीश माझ्या नातीच्या वयाची. "आजी, तुमचा वकील?"

"मीच. सकाळचं ऊन येतं ती पूर्व. सूर्य खोटं बोलतो का?"

"सूर्य नाही," घड्याळजी म्हणाला, "काच बोलते."

तिने आम्हाला तडजोडीसाठी बाजूच्या खोलीत पाठवलं. तिथे घड्याळजी म्हणाला, "मला अडगळच हवी आहे. फक्त चूक तुमची होती, मी लबाड नाही, एवढं लिहा. गिऱ्हाईक घड्याळ हातात द्यायला कचरतंय हो."

"'चूक झाली' एवढं लिहिते."

"कुणाची?"

"उन्हाची."

"काकू!"

"बरं, 'दोघांची'."

"माझी कोणती?"

"तू माझ्यावर विश्वास ठेवलास."

अशा तीन तारखा गेल्या. चौथ्या तारखेला न्यायाधीशबाई म्हणाली, "आजी, तडजोड नसेल तर निकाल कागदावरून होईल. ओटा त्यांचा."

त्या ओट्यावर मी चाळीस वर्षं राज्य केलंय. पेन उचललं. 'दिशेची चूक सर्वस्वी माझी. घड्याळजी लबाड नाही.' तिने ते भरकोर्टात वाचलं, तेही खणखणीत आवाजात. घड्याळजीने वाकून नमस्कार केला. (पोरगा वाईट नाही.)

बाहेर आले तर हे गायब! शोधलं, तर नकला देणाऱ्या खिडकीपाशी रांगेत उभे. जन्मात कधी रांगेत उभा न राहिलेला माणूस.

"तडजोडीच्या कागदाची नक्कल घ्यायची ना? एक पुरे," मी म्हणाले.

"चार सांगितल्यात," हे म्हणाले. "एक आपल्याला. तीन सुनांनी मागितल्यात."