नरहररावांचा दर्यामहाल

आमच्या गावच्या तळ्याला तळं म्हटलेलं नरहररावांना खपत नसे. "तळं म्हशीचं असतंय बे," ते भर रस्त्यात उभं करून बजावायचे, "ह्यो दर्या हाय, दर्या!"

गाव नेकनूरजवळचं. समुद्र पाहिलेला माणूस औषधालाही मिळायचा नाही. नरहररावांनी मात्र पाहिला होता. थोरली बहीण कोकणात दिलेली. तिला भेटायला गेले, तेव्हा तिनंच त्यांना होडीतून एका बेटावरचा जुना महाल दाखवला. पायाशी लाटा, भोवती बगीचा, सज्जात उभं राहिलं की नुसतं पाणीच पाणी.

पुढं काही वर्षांनी त्यांनी एकाएकी तळ्यातल्या उंचवट्यावर पाया खणायला घेतला. गावानं कपाळाला हात लावला. दगड, चुना, गुलाबाची रोपं, सगळं गेलं ते माझ्या गुळाच्या काहिलीतून; रस उकळायच्या त्या भल्याथोरल्या कढईची त्यांनी होडीच केली. चार रोजासाठी म्हणून नेलेली काहील, मी मागायला गेलो की डाफरायचे, "जहाज असं मधीच मागत्यात व्हय? लई हलका माणूस हायेस."

नारळाचं एक रोपही त्यांनी कोकणातून मागवलं. ते मान टाकायला लागलं की समोर उकिडवे बसून समजूत घालायचे, "लेकरा, आता हाच आपला मुलूख." आणि खरंच सांगतो, त्याला ते पटलं!

बंगला छपरापर्यंत आला आणि कुणीतरी बीडला कागाळी केली. सरकारी तळ्यात बिगरपरवाना इमारत! निजामाचा अंमल; तालुकदारसाहेब स्वतः आले. आता भिंती पडणार म्हणून गाव काठावर गोळा झालं. नरहररावांनी ठेवणीतली शेरवानी चढवली, साहेबांना काहिलीत बसवलं, वल्हं माझ्या हातात दिलं. मधोमध काहिलीनं गिरकी घेतली तशी साहेबांनी माझं मानगूट धरलं.

"घाबरू नका हुजूर," नरहरराव म्हणाले, "दर्या जरा खवळलाय."

वैशाखाचे दिवस. काठावर गवताची काडी नव्हती, आणि बेटावर गुलाब, मोगरा आणि कमरेएवढा नारळ! साहेब सज्जात बराच वेळ उभे राहिले. मग हसले. "समंदर छोटा है, मगर बाग बड़ा है. रहने दो."

काठावर हलगी कडाडली. मीसुद्धा नाचलो.

वास्तुशांतीला साहेब पुन्हा आले. पहिलं पाऊल त्यांचंच, हे गावानं परस्पर ठरवून टाकलं होतं. मुहूर्त जवळ आला तरी नरहररावांचा पत्ता नाही. शेवटी काहील दिसली. वल्हं नरहररावांच्या हातात, आणि आत त्यांची बहीण, आक्का बसलेली. प्लेगात नवरा गेल्यापासून ती माहेरच्या माजघराबाहेर कुणाला दिसली नव्हती.

"शुभकार्याला विधवा?" भटजी पुटपुटले.

नरहरराव जन्मात पहिल्यांदा हळू आवाजात बोलले. "घर तिचं हाय, भटजी. तिच्यासाठीच बांधलंय."

तालुकदारसाहेबच दोन पावलं मागं सरले आणि त्यांनी हातानं आक्काला वाट दाखवली.

ती आत गेली, थेट सज्जात जाऊन बसली. पदर मागं सारून डोळे मिटले. वारा सुटला होता, खाली दगडांवर पाणी चुबुक चुबुक आपटत होतं.

"नरू," ती म्हणाली, "भरती लागली रे."

नरहरराव तिच्या पायाशी बसले. "व्हय, आक्का. लागली."