लाल चादरीचा थांबा

आमच्या रेल्वेमार्गाला शंभर वर्षं पूर्ण होत असल्यामुळे त्याला इतिहास असणं आवश्यक आहे, असं वरिष्ठ पातळीवर ठरलं. तोवर मार्गाचं इतिहासावाचून काही अडलं नव्हतं. पण समारंभाचे पाहुणे ठरले होते आणि त्यांच्या हातात द्यायला एक पुस्तक हवं होतं. कोणतं स्टेशन कोणामुळे झालं, हे शोधायला एक इतिहास अधिकारी नेमण्यात आले. त्याआधी ते हरवलेल्या सामानाच्या खात्यात होते.

"दोन्ही कामं सारखीच," ते मला म्हणाले. "वस्तू आपल्यापाशी असते. मालक सापडत नाही."

आमच्या अलीकडच्या स्टेशनाचं काम झटपट उरकलं होतं. तिथे एक राजा झाडाखाली विसावला होता. झाड सध्याच्या स्टेशनमास्तरांनी बदली होऊन आल्यावर लावलंय, पण राजाची त्याला काही हरकत नव्हती.

"तुमच्याकडे कोण विसावलं होतं, काका?"

"कोणी नाही. माझ्या बायकोने चादर वाळत घातली होती."

अधिकाऱ्यांनी पेनाला टोपण लावलं.

बायको गेल्या हिवाळ्यात गेली. त्या पुस्तकात तिच्याबद्दल एक वाक्य यावं, एवढंच मला हवं होतं. म्हणून मी त्यांना बसवून घेतलं आणि सगळं सांगितलं.

तेव्हा इथे स्टेशन नव्हतं. रुळांना लागून आमची एक खोली होती. मी पाना घेऊन रुळांवर फिरायचो, ढिले बोल्ट आवळायचो. बायकोने लग्नातली लाल चादर धुतली आणि रुळांकडच्या दोरीवर टाकली. गाडी करकचून थांबली. ड्रायव्हर खाली उतरला.

"बाई, गाडी का थांबवलीत?"

"मी चादर वाळत घातलीय. थांबलात तुम्ही."

"लाल दिसलं की थांबायचं, असा नियम आहे."

"मग लाल दिसेनासं झालं की निघा."

"अहो, काढा की ती!"

"ओली? घडीत वास धरेल. तुमच्या घरी झोपतात का ओल्या चादरीवर?"

ड्रायव्हर लग्न झालेला असावा. चादर किती ओली आहे, ते त्याने चाचपून पाहिलं. चादर काढल्याशिवाय गाडी हलवता येत नव्हती आणि वाळल्याशिवाय चादर काढता येत नव्हती. शेवटी दोन प्रवासी उतरले आणि त्यांनी ती पुन्हा घट्ट पिळून दिली.

पुढच्या आठवड्यात तेच झालं. धुण्याच्या दिवशी गाडी इथे थांबते, हे आसपास कळलं आणि लोक गाठोडी घेऊन येऊ लागले. प्रशासनानेही दखल घेतली. दोरी चार हात सरकवायला तीन खात्यांची मंजुरी लागत होती. थांबा द्यायला एक सही पुरत होती. थांबा मिळाला. प्रवासी वाढले, तसा तो रोजचा झाला. मग बायकोला लेखी हुकूम आला: गाडीच्या वेळी चादर रोज धुऊन वाळत घातलेली असावी. कोरडी टांगलेली आढळल्यास थांबा रद्द होईल.

"पावसात काय वाळवू, माझं डोकं?" ती म्हणाली. पण धुतली. फलाट झाला, छप्पर आलं, खांबावर खरा सिग्नल लागला, तोवर ती रोज धूत राहिली. आणि आम्ही ओल्या चादरीवर झोपत राहिलो.

"पुरावा?" अधिकाऱ्यांनी विचारलं.

चादर पलंगावरच होती. बायको गेल्यापासून मी ती बदलली नव्हती. अधिकाऱ्यांनी तिची घडी घातली. पुस्तक छापून झालं की परत देतो म्हणाले.

पुस्तक तपासणाऱ्या समितीपुढे पहिलाच प्रश्न आला: चादर हा सिग्नल होता, की धुणं? सिग्नल असेल, तर तो चालवणारी व्यक्ती प्रशिक्षित हवी. बायको प्रशिक्षित नव्हती, म्हणजे तिने तो चालवलाच नाही. धुणं असेल, तर गाडी थांबायलाच नको होती. तोडगा म्हणून चादर प्रयोगशाळेत पाठवली. इतकी धुतल्यावर ती गुलाबी झाली होती. गुलाबी रंग नियमांत नाही. सबब, गाड्या विनाकारण थांबल्या. विनाकारण झालेल्या थांब्यावर उभारलेलं स्टेशन ग्राह्य धरता येत नाही. चूक दुरुस्त होईपर्यंत तिथे गाड्या थांबू नयेत, आणि आजवर उतरलेले प्रवासी उतरलेच नाहीत असं समजावं.

मी राजाच्या स्टेशनापर्यंत चालत गेलो, तिथून गाडी पकडून मुख्य कचेरी गाठली.

"काका, बाईंना इतिहासात जागा द्यायची माझी फार इच्छा आहे," अधिकारी म्हणाले. "पण स्टेशनच नाही, तर जागा देऊ कुठे?"

"मग माझी चादर द्या."

"ती आता पुरावा आहे."

"कशाचा?"

"चूक झाल्याचा. काचेच्या कपाटात लावलीय. आलाच आहात तर बघून जा, आज उघडं आहे."

बघून आलो. घडी चुकीची घातली होती. ती आधी लांबीत दुमडायची.

माझी मुलगी दर रविवारी याच गाडीने मला भेटायला येते. त्या रविवारी ती आली आणि तशीच पुढे गेली. दारात उभी राहून "बाबा, धरा!" असं ओरडली आणि तिने जेवणाचा डबा फेकला. तो अस्तित्वात नसलेल्या फलाटावर आपटला. थोड्या वेळाने तिचा फोन आला.

"लागलं नाही ना?"

"मला नाही. डब्याला पोचा आलाय."

"असं किती दिवस फेकायचं? पातळ काही आणताच येणार नाही. आई असती तर तिने गाडी थांबवली असती."

"तिने नाही थांबवली. ते थांबले," मी म्हटलं, आणि फोन ठेवून बाजारात गेलो.

नवी लाल चादर आणली. रविवारी सकाळी धुतली. बादली लाल, मोरी लाल, माझे हात कोपरापर्यंत लाल. रुळांकडच्या दोरीवर टाकली. गाडी करकचून थांबली. एक तरुण ड्रायव्हर उतरला.

"आजोबा, काय हे? सिग्नल हिरवा आणि इथे हे?"

"लाल दिसलं की काय करायचं?"

"थांबायचं."

"मग झालं तर."

मुलगी उतरली ती माझ्याकडे न येता आधी दोरीकडे गेली.

"बाबा, रंग चाललाय हिचा! पहिल्यांदा मिठाच्या पाण्यात भिजवायची असते. आणि ही काय पिळलीय? टोकं धरा."

आम्ही दोन बाजूंनी टोकं धरून चादर पिळली. खिडक्यांतून लोक घड्याळं बघत होते.

गाडी थांबली, म्हणजे थांब्याला कारण निर्माण झालं. स्टेशन पुन्हा ग्राह्य ठरलं. अधिकारी फोटोग्राफर घेऊन आले. या वेळी सगळं नियमात बसत होतं: चादर पक्की लाल, आणि ती लावणारा निवृत्त रेल्वे कर्मचारी.

पुस्तक वेळेवर निघालं. आमच्या पानावर माझा फोटो आहे, हातात चादर. खाली छापलंय, 'स्टेशनचे दूरदर्शी संस्थापक'.

"आणि ती?" मी विचारलं.

"कोण?"

"माझी बायको."

"आहेत की!" अधिकाऱ्यांनी पानाच्या तळाशी बोट ठेवलं. तिथे बारीक अक्षरांत होतं, 'सहकार्य: घरची मंडळी'. "त्यातच आल्या त्या."

समारंभात पाहुण्यांनी माझ्यासाठी टाळ्या वाजवल्या. मुलीने नाही वाजवल्या.

आता मला हुकूम आलाय. चादर रोज धुऊन वाळत घातलेली असावी. मी धुतो. जुनी अजून काचेतच आहे.

तिच्यावर अन्याय झाला, असं तुम्हाला वाटलं असेल, तर आभार. फक्त, आत्ता ज्या चादरीवर बसून तुम्ही हे वाचताय, ती शेवटची कोणी धुतली ते आठवून बघा. 'असेल घरातलंच कोणीतरी,' हे उत्तर देऊ नका. ते आमच्या पुस्तकात छापून झालंय.