ताटावर आडवा हात

केंद्र सरकार आमच्या घरी राहायला आलं तेव्हा ते जेमतेम माझ्या गुडघ्याएवढं होतं.

अमेरिकेत गल्लीपुरतं केंद्र सरकार मागवता येतं, आणि ते मूळ मापात येतं, म्हणजे देशाची राज्यघटना लिहिली त्या १७८७ सालच्या. ओहायोतल्या आमच्या गल्लीत तेरा घरं. कोणाचं कुंपण कुठवर, कोणी कोणाच्या दारात बर्फ लोटला, यावरून रोज तोंडातोंडी व्हायची, म्हणून सगळ्यांनी मिळून एक मागवलं. तळमजल्यावर रिकामी खोली फक्त आमच्याकडे होती, म्हणून ते आमच्याकडे उतरलं. अंगात काळा कोट, हातात घडी घातलेला कागद. दारातच त्यानं पाय पुसले. मला ते आवडलं, हे कबूल करायला हवं.

समोरचे हॉज साहेब शाळेत इतिहास शिकवून निवृत्त झालेले. त्यांनी आमच्या जेवणाच्या टेबलापाशी उभं राहून तो कागद वाचला. टपाल, नाणी, वजनमापं, बाहेरच्या गल्ल्यांशी तंटा, घराघरांतली देवघेव, अशी मोजकी कामं सरकारची. "जे यात लिहिलेलं नाही," हॉज साहेब चष्मा वर करून म्हणाले, "ते ज्याच्या त्याच्या घरात राहील. कृपा करून हे विसरू नका."

सरकारला अधिकार नुसते तोंडी देऊन चालत नाहीत. जेवताना पळीनं वाढावे लागतात, आणि काय वाढतो ते वाढताना बोलावं लागतं. बायकोनं, सुमेधानं, वरणाच्या पळीपळीबरोबर कागदावरचं एकेक काम म्हणत सगळं वाढलं. सरकार व्यवस्थित जेवलं आणि त्यानं ताटावर हात आडवा धरला.

"पुरे," ते म्हणालं. "याहून अधिक घेण्याची मला मुभा नाही."

दुसऱ्या कुठल्याही घरात गोष्ट इथंच संपली असती. पण आमच्याकडे ताटावर धरलेला हात म्हणजे नकार नव्हे, रीत असते. पाहुण्यानं हात धरायचा आणि यजमानानं वाढायचं.

"अहो, एवढंच? तुम्ही तर काहीच घेतलं नाहीत," सुमेधा म्हणाली आणि तिनं त्याच्या बोटांवरूनच एक पळी वाढली. "मागच्या नळाचंही तुम्हीच बघा. सारखा गळतो."

सरकारनं बोटांकडे पाहिलं. कागदाकडे पाहिलं. मग ते जेवलं. सकाळी ते माझ्या कमरेला लागत होतं आणि नळ गळायचा थांबला होता.

मी हादरलो. नळासाठी मी तीन वेळा प्लंबर बोलावला होता, म्हणून नळाचाही धक्काच होता. पण एका माणसाची, म्हणजे एका सरकारची, उंची रात्रीत दुप्पट झालेली मी पहिल्यांदाच पाहत होतो. मी धावत हॉज साहेबांकडे गेलो. ते अंगणात पानं गोळा करत होते. त्यांनी दाताळं खाली ठेवलं.

"तुम्ही त्याला आग्रह केलात?" ते म्हणाले.

"थोडासा."

"परत घ्या."

ते मात्र शक्य नव्हतं. एकदा ताटात पडलेलं उष्टं होतं, आणि आमच्या घरात ताटातलं उष्टं पुन्हा पातेल्यात जात नाही. हे मी त्यांना समजावलं. हॉज साहेब म्हणाले की देशातही कारण वेगळं, पण अनुभव हाच आहे.

पुढचं मी नीट सांगतो, कारण लोक उगाच आम्हाला वेडे म्हणतात. आम्ही प्रत्येक वेळी शहाण्यासारखंच वागलो होतो.

सातव्या घरातल्या बकनरांच्या तळघरात एक माणूस कोंडलेला असायचा. त्यांचं सगळं काम तो करायचा. गल्लीत हे सगळ्यांना ठाऊक होतं. पण कागदावर त्याचा उल्लेख नव्हता, सबब तो बकनरांचा घरगुती मामला होता, आणि आम्ही त्यांच्याकडे चहाला जात होतो. मग सरकारनं त्याबद्दल साधी चौकशी केली, आणि बकनरांनी जाहीर केलं की ते घरासकट गल्ली सोडून जाणार. त्यांनी घराला साखळ्या बांधून खरंच ट्रॅक्टर जोडला. सुमेधानं त्या दुपारी सरकारला भरभरून वाढलं. ते उठलं, सातव्या घराच्या पायरीवर जाऊन बसलं, आणि ट्रॅक्टरची चाकं जागच्या जागी फिरत राहिली. बकनरांचा व्हरांडा मोडला, गोळ्या झाडल्या गेल्या, फार वाईट दिवस होते ते. शेवटी तळघराचं दार उघडलं. तो माणूस बाहेर आला आणि डोळ्यांवर हात धरून उभा राहिला. त्याचं नाव तोवर आम्ही कोणी विचारलं नव्हतं. इझिकेल असं त्याचं नाव. या गोष्टीची मला अजून लाज वाटते.

त्या दिवसापासून सरकार दाराच्या चौकटीएवढं झालं, आणि त्याबद्दल मी तक्रार करणार नाही.

मग माझ्या बिअरचं झालं. मी संध्याकाळी थोडी घेत असे. एकदा थोडी जास्त झाली, आणि सुमेधानं रागाच्या भरात गल्लीतल्या सगळ्या बाटल्यांचा बंदोबस्त सरकारला वाढून टाकला. सरकारनं बाटल्या फोडल्या. मी गॅरेजमध्ये स्वतः बिअर गाळायला लागलो, आणि जी शेजारीण कधी शिवतही नव्हती तीसुद्धा मागच्या दारानं पेला घेऊन यायला लागली. सगळी गल्ली झिंगलेली बघून सुमेधानंच हात टेकले. तेवढा एक घास सरकारनं स्वतःहून ताटाबाहेर काढून ठेवला. उंची मात्र कमी झाली नाही. मी मोजपट्टी घेऊन पाहिली होती.

पुढं असा एक हिवाळा आला की तेराही घरांतल्या नोकऱ्या गेल्या. तेव्हा गल्लीतले सगळे आमच्याच पळीनं वाढायला आले. आम्ही काय नाही वाढलं? म्हाताऱ्यांचं पेन्शन वाढलं, बँकेतल्या ठेवींची हमी वाढली, बेकारांना काम द्यायचं वाढलं. सरकारनं मोठमोठ्या पातेल्यांत सूप केलं आणि ते घरोघर पोचवलं. इझिकेलला मात्र अर्धी वाटी मिळाली, आणि विचारल्यावर सरकार म्हणालं की तसं वाढणाऱ्यांपैकी काहींनी सांगितलं होतं. मी खाली मान घालून माझं सूप प्यालो. वसंत आला तेव्हा सरकारचं डोकं छताला टेकलं होतं.

मग त्यानं गल्लीत डांबरी रस्ता केला. सुरेख रस्ता. फक्त मुलांना साडेनऊला झोपवावं अशी त्याची सूचना होती.

"ही सक्ती आहे का?" मी विचारलं.

"मुळीच नाही," सरकार वाकून म्हणालं. आता त्याला वाकूनच बोलावं लागे. "मुलांची झोप हा पूर्णपणे तुमचा घरगुती विषय आहे. ज्यांची मुलं जागी राहतील त्यांच्या फाटकाच्या अलीकडे रस्ता थांबेल, एवढंच."

त्या रात्री तेरा घरांतले दिवे साडेनऊला गेले. आम्हाला मूलबाळ नाही. आम्हीही झोपलो.

हे सगळं मी निभावून नेलं असतं. पण साताऱ्याहून मावशीचा फोन आला की आई न्हाणीघरात पडली. खुब्याचं हाड मोडलं होतं. बाबा गेल्यापासून ती एकटी राहायची. आता ती चालू शकत होती, पण जिना चढणं कायमचं बंद, आणि एकटं राहणंही बंद. तिला आमच्याकडेच आणायला हवं होतं, आणि तळमजल्यावर खोली एकच होती. त्या खोलीत सरकारचं धड होतं. पाय स्वयंपाकघराच्या खिडकीतून अंगणात गेले होते आणि एक हात जिन्यावर.

मी त्याला सरळ विनंती केली. "माझी आई येतेय. तुम्ही जरा आटोपतं घ्याल का?"

"अवश्य," सरकार म्हणालं. "मात्र स्वतःला आटोपण्याचा अधिकार माझ्याकडे नाही. तो वाढावा लागेल."

सुमेधानं वाढला. सकाळी सरकार वीतभर मोठं झालं होतं. आटोपण्याचं काम पाहायला त्याला उजवीकडे आणखी एक कोपर फुटलं होतं आणि त्यानं न्हाणीघराचं दार अडवलं होतं.

माझ्या आईसाठी माझ्याच घरात एक खाट घालायला जागा नव्हती, आणि ती मागावी तर आणखी जागा जात होती. सुमेधा रडायला लागली. "माझ्याच हातानं झालं हो सगळं," ती म्हणाली.

हॉज साहेब खिडकीतून आत डोकावले, कारण दारातून आता येता येत नव्हतं. "पळी कोणाकडे आहे?" त्यांनी विचारलं.

"माझ्याकडे," सुमेधा म्हणाली.

"मग अजून काही बिघडलेलं नाही. ते स्वतःच्या हातानं वाढून घेऊ शकत नाही. जे आहे ते सगळं तुम्ही वाढलेलं आहे. त्याला मर्यादा घालणारा कागद आहे, कोर्ट आहे, सगळं आहे. पण शेवटी पळी आहे. ती खाली ठेवा."

त्या दिवसापासून पळी मी कमरेला खोचली. नळ पुन्हा गळायला लागला, आम्ही खाली बादली ठेवली. कुंपणावरून भांडणं झाली, ती आम्ही आमची भांडलो. आता गल्लीच्या टोकाला राहणाऱ्या इझिकेलनं मात्र फाटकापाशी येऊन मला विचारलं, "पळी किती दिवस खोचून ठेवणार आहात? माझ्या घराच्या काचा कालच कोणीतरी फोडल्यात." मी आईचा विचार केला आणि पळी काढली नाही.

सरकार रोज जेवायच्या वेळी रिकाम्या ताटापुढं बसे आणि तसंच उठे. एकदाही त्यानं मागितलं नाही. त्याचा कोट सैल झाला. आई यायच्या आदल्या दिवशी मी खोलीत गेलो तर त्यानं गुडघे पोटाशी घेतले होते, आणि खिडकीजवळ एक कोपरा मोकळा झाला होता. मी खाट आणून लावली. बरोबर बसली. मला इतका आनंद झाला की मी सरकारचे आभार मानले. ते म्हणालं, "याची नोंद घेतली."

आईला मी विमानतळावरून आणलं. रस्त्यात सगळं सांगितलं: नळ, पळी, उष्टं, बकनर, इझिकेलच्या काचा, कोपर, खाट. ती "बरं, बरं" म्हणत डांबराकडे बघत होती. "रस्ता काय छान आहे रे," ती म्हणाली.

तिला धरून मी बाजूच्या दारानं खोलीत नेलं. खाटेवर स्वच्छ चादर होती. सरकार छताखाली मान मोडून, गुडघे आवळून बसलं होतं. त्यानं तिला वाकून नमस्कार केला, म्हणजे जेवढं आणखी वाकता येत होतं तेवढं. आई काठी टेकून त्याच्याकडे वरपासून खालपर्यंत बघत राहिली.

"अगं बाई," ती म्हणाली, "किती वाळलंय हे! याला काही खायला घालता की नाही?"

"आई, मी तुला गाडीत सांगितलं ना—"

"काय सांगितलंस? दारी आलेल्याला उपाशी ठेवलंय हे सांगितलंस. आमच्या घरात असं कधी झालं नाही. सुमेधा, वरण आहे ना?"

सुमेधानं माझ्याकडे पाहिलं. वरण होतं. आईसाठीच केलेलं होतं. आईनं माझ्या कमरेची पळी काढून घेतली. मी सत्तेचाळीस वर्षांचा माणूस आहे, आणि मी तिला ती काढून घेऊ दिली.

"नळाचं तू बघ," आई पळी बुडवत म्हणाली. "कुंपणाचं तू बघ. त्या काचावाल्या बिचाऱ्याचं तर आधी बघ. माझ्या औषधांचं बघ, या दोघांच्या झोपण्याउठण्याचं बघ. यांना मेल्यांना काही जमत नाही."

भिंतीतून कर्र असा आवाज आला. छताचा गिलावा खाटेवरच्या चादरीवर पडला. सरकारनं वर पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं, आणि त्या पहिल्या दिवसानंतर प्रथमच ताटावर हात आडवा धरला.

"पुरे," ते म्हणालं. "खरोखरच पुरे."

"असं कसं पुरे? लाजू नकोस, बाळा," आई म्हणाली, आणि तिनं त्याच्या बोटांवरून वाढलं.

छप्पर गेलं ते थेट हॉज साहेबांच्या अंगणात पडलं. ते दाताळं घेऊन बाजूला झाले. आई खाटेवर बसली, चादरीवरचा गिलावा तिनं हातानं झटकला आणि मान वर करून बघितलं.

"खोलीत उजेड चांगला आहे," ती म्हणाली. मग पळी पदराला पुसून तिनं उशीखाली ठेवली आणि सरकारला सकाळच्या न्याहारीला काय आवडतं, ते विचारलं.