बिनखर्ची गाडी

"हे कुणाला खरं वाटणार नाही," आबा चष्मा कपाळावर चढवत म्हणाले, "पण या गाडीनं एकोणीस वर्षांत पेट्रोल सोडून माझ्याकडे एक पैसा मागितलेला नाही. हां, विमा आणि एकदा वायपरचं रबर. विमा ही कायद्याची जबरदस्ती. रबर मात्र तिनं स्वतः मागितलं, तेही लाजत लाजत."

आबांच्या तोंडून 'कुणाला खरं वाटणार नाही' आलं की घरातली माणसं पुढचं ऐकायची ती केवळ करमणूक म्हणून. आबांनी उभी नोकरी पाणीखात्यात मीटर वाचण्यात काढली होती. सायकलवरून दारोदार जायचं, उकिडवं बसायचं, झाकण उचलायचं, आकडा लिहायचा. अठ्ठावीस वर्षांत त्यांचा एक आकडा चुकला नाही. मीटरला बगल देऊन नळ जोडणारे महाभाग तर ते वासावरून ओळखत. पण इतका खरेपणा एका माणसाला झेपत नाही. त्याची कसर ते घरी आल्यावर भरून काढत.

आज मात्र करमणुकीला वेळ नव्हता. संध्याकाळी पाच वाजता भंगारवाला येणार होता. चार दारांची, सायीच्या रंगाची, मागे पलंगाएवढी डिकी असलेली ती म्हातारी सेडान अंगणातल्या पत्र्याखाली चार वर्षं नुसती उभी होती. आबांची नजर अधू झाली होती आणि गाडीचं तर सगळंच. लेकीनं निकाल दिला होता: गाडी जाणार. नातीनं मधेच हात वर केला होता.

नात दवाखान्यात एक्स-रे काढायची. पहाटेची पाळी, नदीपलीकडचा दवाखाना आणि त्या वेळी एक बस नाही. नव्या गाडीच्या कर्जाचा भरलेला अर्ज तिच्या पर्समध्ये होता. फक्त सही राहिली होती.

"आबा, मी हीच घेईन," ती म्हणाली. "पण हिला वर्षभर पोसायला खरोखर किती लागतं ते मला सांगायचं. खरा आकडा. गोष्ट नको. गोष्ट सांगितलीस तर मी तिकडे सही करते."

"खराच सांगतोय."

नातीनं पाठकोऱ्या कागदावर रकाने पाडले. "टायर?"

"मूळचेच आहेत. टायर झिजतात ते वळणावर. मी वळणं सावकाश घेतो."

"दुरुस्ती?"

"शून्य लिही. गाडीला दुरुस्ती लागतच नाही, विश्रांती लागते. जरा कुरकुरली की दोन दिवस हात लावायचा नाही. माझी फिरती सायकलवर, गाडी घरी पडून. तिसऱ्या दिवशी ठणठणीत."

"बाबा," लेक दारातून म्हणाली, "मग घाटात आपण ढकलत होतो ती कुठली गाडी?"

"ढकलत कुठं होतो? उतार होता. ती पळत होती, आपण धरून ठेवली होती."

"चढ होता. माझी चप्पल तुटली होती."

"तू दमली होतीस. दमलेल्या माणसाला सगळं चढच वाटतं."

नातीनं पेनचं टोपण लावलं. खरी पंचाईत ही होती की या एका बाबतीत आबा खोटं बोलत नव्हते. त्यांनी खरंच दुरुस्तीला कधी पैसा दिला नव्हता. देण्याची सोयच नव्हती. गाडी एका दातांच्या डॉक्टरांकडून जुनी घेतली त्या दिवशी सगळं पाणीखातं हसलं होतं. "मीटरमास्तर, डॉक्टरांनी किडलेला दात तुमच्या गळ्यात बांधला." तेव्हा आबांनी भर कचेरीत शपथ घेतली होती, हिच्या दुरुस्तीवर एक पैसा गेला, तर त्याच दिवशी विकून टाकीन. आणि पैसा गेलाच नाही. पंधरा वर्षं ती आजारी पडायची आणि आपली आपण बरी व्हायची.

आजी गेली, आणि विश्रांतीचा गुण येईनासा झाला. आबांनी दोन दिवस दिले, दोन महिने दिले, चार वर्षं दिली. गाडी उठली नाही. तिला आजीची आठवण येते, असं आबा म्हणत. लेक नुसती मान हलवी.

"पुरावा हवाय ना?" आबा उठले. "तुझ्या आजीच्या वह्या काढ माळ्यावरच्या. दर महिन्याच्या शेवटी मी तपासून लाल पेन्सिलीनं बरोबरची खूण करायचो. मी खोटारडा, चल मान्य. पण ती वहीत खोटं लिहिणारी बाई होती का?"

यावर कुणाचंच दुमत नव्हतं. लेक स्टुलावर चढली आणि जुन्या वर्तमानपत्राची कव्हरं घातलेल्या पंधरा वह्या खाली आल्या. ओसरीवर सगळे वाचायला बसले. अंगणात मिस्त्री गाडीखाली आडवा झाला होता. गाडी निदान सुरू तरी होईल का हे बघायला नातीनंच त्याला बोलावलं होतं. त्याचे फक्त पाय बाहेर दिसत होते.

पहिली वही. गाडी: पेट्रोल. गाडी: पेट्रोल. गाडी: विमा. गाडी: वायपरचं रबर, एक.

"रबर!" आबांनी मांडीवर थाप मारली.

दुसरी वहीही तशीच, तिसरीही. लेकीचा चेहरा उतरत गेला, आबांची छाती फुगत गेली. नातीनं दुरुस्तीच्या रकान्यात शून्य लिहायला पेन उघडलंसुद्धा. तेवढ्यात लेक म्हणाली, "बाबा, आपल्याकडे इतके पाहुणे कधी यायचे हो?"

"कुठले पाहुणे?"

"हे बघा ना. 'पाहुणे, चहापाणी.' पुन्हा आठ दिवसांनी 'पाहुणे'. मला तर एकही आठवत नाही. आपल्याकडे जादा गादी एकच, तीही मांजराची."

"मी दिवसभर फिरतीवर. येऊन जात असतील. तुझ्या आईला माणसांची आवड."

नात पुढे वाचू लागली. "'पाहुणे, पुढचे दोघे नवे. मागचे दोघे अजून वर्षभर चालतील.'"

"पुढच्या खोलीत दोघे बसले असतील," आबा म्हणाले. "मागचे चालत आले असतील. सगळ्यांकडे काय गाडी असते?"

"'पाहुणे फार गरम होतात. पाणी घातलं.'"

"तापट असतात काही माणसं. पाणी दिलं की निवतात."

"'पाहुण्यांचे दोन्ही डोळे बदलले.'"

"मोतीबिंदू," आबा म्हणाले. "आपल्याकडे राहून ऑपरेशन केलं असेल बिचाऱ्यांनी. दयाळू होती ती."

"'पाहुणे मुक्कामी, नऊ दिवस. पोट उघडलं.'"

"काय माणसं असतात. लोकांच्या घरी येऊन आजारी पडायचं."

"'पाहुण्यांचं तेल बदललं.'"

आबांनी चष्मा डोळ्यांवर घेतला, पुसला, पुन्हा घेतला.

"डोक्याचं," ते म्हणाले. पण आवाजात जोर नव्हता.

गाडीखालचे दोन पाय हलायला लागले. आधी वाटलं मिस्त्रीला विजेचा धक्का बसला. मग कळलं, तो हसतोय. पोटावर हात धरून तो बाहेर सरकला आणि आबांचा चेहरा दिसताच एकदम गप्प झाला.

"मिस्त्री," नात म्हणाली, "तुम्ही ओळखता वाटतं या पाहुण्यांना?"

मिस्त्रीनं हात पुसायला फडकं घेतलं. बोटं स्वच्छ झाली तरी तो पुसतच राहिला. "काकूंनी शपथ घातली होती, काका. पण आता काकूच नाहीत, आणि पाच वाजता भंगारवाला येतोय. तुम्ही सायकलवर टांग मारलीत की काकू गल्लीच्या तोंडावरून मला खूण करायच्या. गाडी नेतानाच चाकांभोवती खडूची रेघ मारायचो आणि तुम्ही यायच्या आत बरोबर त्याच रेघेवर आणून उभी करायचो. नवे टायर घातले की त्यावर चिखल फासायचो. तुमचं अपेंडिक्सचं ऑपरेशन झालं ना? त्या नऊ दिवसांत हिचं इंजिन उतरवलं. तुमचं आणि हिचं पोट एकाच आठवड्यात उघडं होतं."

"अशक्य," आबा म्हणाले. त्यांच्यातला मीटर वाचणारा जागा झाला होता. "मी रोज सकाळ-संध्याकाळ हिचं रीडिंग लिहायचो. एक किलोमीटरसुद्धा जादा पडलेला नाही."

मिस्त्रीनं मान खाली घातली. "मीटरची केबल आधी काढून ठेवायचो."

अठ्ठावीस वर्षं आबांनी गावभर मीटरला बगल देणारे पकडले होते. एकाला न्हाणीघरात, एकाला तुळशीच्या कुंडीमागे. आणि त्यांच्या स्वतःच्या अंगणात, त्यांच्या स्वतःच्या मीटरला पंधरा वर्षं बगल! तीही ज्या बाईच्या वहीवर ते लाल पेन्सिलीनं बरोबरच्या खुणा करत होते तिच्याकडून.

"पण पैसे?" लेकीनं विचारलं. "आईकडे कुठले?"

"शाळेचे गणवेश शिवायच्या ना. जूनमध्ये गणवेश, जुलैमध्ये क्लच."

"पण एवढी धडपड कशासाठी? सरळ विकू द्यायची होती."

मिस्त्रीनं बॉनेटवर हात ठेवला. "मीही विचारलं होतं एकदा. म्हणाल्या, घरात मला बसायला मिळत नाही. बसले की कुणीतरी काहीतरी मागतं. त्या गाडीत मात्र मांडीवर हात ठेवून नुसतं बसायचं असतं. हे चालवतात, थापा मारतात, आणि मी बाहेर बघते. ती विकली की मी कुठं बसू?"

लेक वही मिटून बसली. तिला गाडीतली आई दिसत होती. खिडकीची काच अर्धी खाली, हात मांडीवर, आणि बाबांच्या गोष्टीतल्या चुकीच्या जागी न चुकता येणारा तिचा हुंकार. घरात त्या हातांत कायम काहीतरी असायचं, सुई, झारा, कुणाचं तरी डोकं. रिकामे हात तिनं पाहिले होते ते फक्त त्या डावीकडच्या सीटवर.

नातीनं बेरीज केली. पंधरा वर्षांच्या पाहुण्यांत तसल्या तीन गाड्या आल्या असत्या. तिनं पेट्रोल मिळवलं, विमा मिळवला, मिस्त्रीनं आत्ता सांगितलेली बॅटरी, पेट्रोलचा पंप आणि ब्रेक मिळवले, आजचे भाव लावले आणि महिन्यातून दोन वेळा बंद पडणार असं गृहीत धरून रिक्षाचं भाडंही मिळवलं. आबा त्या पेनकडे असे बघत होते जसं एकेकाळी लोक त्यांच्या पेनकडे बघत.

"वर्षाला माझे दोन पगार," ती शेवटी म्हणाली. "नवीचे हप्ते पाच."

"म्हणजे?" आबांनी विचारलं.

"म्हणजे खरा आकडा मिळाला. तुझ्याकडून नाही, आजीकडून. भंगारवाल्याला फोन कर, आई."

मिस्त्रीनं आपल्या टेम्पोची बॅटरी आणून जोडली. पेट्रोल बदललं, चाकांत हवा भरली, ब्रेक तात्पुरते आवळले, पंपावर पान्यानं दोनदा ठोकलं. नात चालकाच्या जागी बसली. आबा सवयीनं उजव्या दाराकडे गेले, थबकले, आणि वळसा घालून डावीकडे येऊन बसले. एकोणीस वर्षांत पहिल्यांदाच ते त्या सीटवर बसत होते. सीट मऊ होती आणि मधोमध थोडी खोलगट. हात कुठं ठेवावे ते त्यांना कळेना. मग त्यांनी ते मांडीवर ठेवले.

गाडी खोकली, हुंदका दिल्यासारखी हलली आणि सुरू झाली. पत्र्याखालून चार वर्षांची धूळ उडाली. मिस्त्रीनं अंगठा दाखवला. वह्यांचा गठ्ठा पोटाशी धरून लेक मागच्या सीटवर येऊन बसली.

गाडी गल्लीच्या वळणापर्यंत आली. मग आबांनी घसा खाकरला.

"तुम्हाला म्हणून सांगतो," ते बाहेर बघत म्हणाले. "मला सगळं ठाऊक होतं. पहिल्या दिवसापासून. खडूची रेघ, केबल, सगळं. इतक्या वर्षांत नवऱ्याला कळत नाही असं होतं का? तिला आनंद वाटतो तर वाटू दे म्हणून गप्प बसलो. पाहुणे म्हणजे कोण हे मला न कळायला मी काय खुळा आहे?"

नातीनं आरशातून आईकडे पाहिलं. लेकीच्या मांडीवर नववी वही उघडी होती आणि तिचं बोट समासातल्या एका जागेवर होतं. नातीनं गाडी कडेला घेतली आणि मागे वळून वही हातात घेतली.

"खोटं, आबा," ती म्हणाली. "इथं लाल पेन्सिलीनं तुझ्याच अक्षरात लिहिलंय: 'हे पाहुणे मी घरी असताना का येत नाहीत?'"

आबा खिडकीबाहेर बघत राहिले.

"आणि खाली आजीनं उत्तर दिलंय," नात म्हणाली. "'लाजतात.'"