छापाचं राह्यलं असन!

मेहकरच्या बस स्टँडवर भास्करकाका पेपर विकायचे आणि विकता विकता गिऱ्हाइकाला बजावायचे, "यातल्या सगळ्यावर इस्वास ठेवू नोका बरं!" हलवायानेच आपल्या जिलबीला नावं ठेवावीत, तसला प्रकार. तरी धंदा चालायचा.

शाळांच्या बातम्यांवर त्यांचा खास राग. निकालाच्या आदल्या दिवशीच मथळा सांगून मोकळे व्हायचे, "'यंदाही मुलींचीच बाजी!' पाह्यजो तू." सकाळी तोच मथळा आणि खाली उड्या मारणाऱ्या पोरींचा फोटो. "ह्या शहरातल्याच काऊन असतात बे? आपल्या पोरींले उडी मारता येत नाही काय?"

तेव्हा दहावीचा निकाल पेपरातच यायचा. पास झालेल्यांचे नुसते नंबर, मुंगीएवढे. काय दिवस होते ते! सगळं गाव काकांच्या टपरीवर. नंबर सापडला की ते पाठीत धपाटा घालायचे. नाही सापडला, तर तितक्याच खणखणीत आवाजात, "छापाचं राह्यलं असन! उद्याच्या पेपरात पाहू." मग त्या पोराला संध्याकाळपर्यंत शेजारी बसवून भजी खाऊ घालायची. तोवर घरी बापाचा पारा उतरलेला असायचा. गणिताच्या कृपेने मीही ती भजी पोटभर खाल्ली आहेत.

एकदा पेपरच्या कचेरीतला माणूस भांडायला आला. तुमच्यामुळे आमची बदनामी होते म्हणाला. काका म्हणाले, "मंग नीट छापत जा ना!"

आता निकाल मोबाईलवर येतो. यंदा शेजारची वैष्णवी निकाल पाहून आतून कडी लावून बसली. आई दार ठोकून रडकुंडीला आली. काका काठी टेकत आले. "बाहेर ये वो माय. मोबाईलवालेही चुकतात. उद्या पाहू."

मी हळूच म्हटलं, "काका, आता कोण फसतं याला?"

काका ओट्यावर टेकले. "माह्या दिन्याचा नंबर नोता पेपरात."

दिन्या म्हणजे त्यांचा धाकटा भाऊ. लहानपणीच घर सोडून गेला, एवढंच आम्हाला ठाऊक होतं.

"कोणाले न सांगता शेगावच्या गाडीत बसला. दुसऱ्या दिवशी पेपरात आला ना नंबर! पास होता. खरंच राह्यला होता छापाचा."

मी विचारलं, "मग तो गेला तेव्हा तुम्ही कुठे होता?"

"मी? मी तं गावात तोच पेपर वाटून राह्यलो होतो."

आतून कडी निघाली.