ही बाजू वर!

"पोकळी ठेवू नकोस, पोरा! काच धक्क्याने फुटत नाही, पोकळीने फुटते!"

हे वाक्य मी पहिल्यांदा ऐकलं तेव्हा गोदामातल्या कागदाच्या गठ्ठ्यावर बसलो होतो आणि माझे पाय जमिनीला टेकत नव्हते. वडील घर बदलणाऱ्या लोकांचं सामान बांधून द्यायचे. आवाज कसा, तर फरशीवरून कपाट ओढल्यासारखा! पण काचेची वस्तू हाती आली की तोच आवाज मऊ व्हायचा आणि स्वतःशीच गुणगुणायचा,

कागदाची गादी बाई, कागदाची उशी,
पेटीमधी काच निजे, मांडीवर लेक जशी.

वडील गेले. धंदा माझ्याकडे आला, आणि त्याबरोबर त्यांचे दोन नियम. पहिला, पोकळी ठेवायची नाही. दुसरा, पेटीत काय आहे ते पेटीवर लिहायचं नाही, चोराची सोय होते! लिहायचं फक्त 'नाजूक. ही बाजू वर.' या दोन नियमांवर मी आरसे, झुंबरं, माशांसकट एक मत्स्यपेटीसुद्धा गावाच्या या टोकाहून त्या टोकाला नेली आहे. तेव्हा बायकोचे दिवस भरत आले आणि दवाखान्यात न्यायच्या सामानाचा विषय निघाला, तसा मी छाती ठोकून म्हणालो, "ते माझ्यावर सोडा! साऱ्या गावाचं सामान बांधणारा माणूस स्वतःच्या लेकराचं बांधणार नाही?"

खरं सांगायचं तर मला काहीतरी काम हवंच होतं. पायाला भिंगरी लागली होती. दारातून खिडकीत, खिडकीतून दारात. बायको नुसती कुशीवर वळली तरी मी चपला घालून तयार! सासूबाई मदतीला येऊन राहिल्या होत्या. त्या एकदा म्हणाल्या, "जावईबापू, तुम्ही बसा हो जरा. तुमच्याकडे बघून मलाच कळा येतील."

मग मी बांधायला बसलो. गोदामातून दोन लाकडी पेट्या आणल्या. एक लागली तर असावी म्हणून. झबली, टोपडी, लंगोट, दुपटी, दुधाची बाटली, अंग पुसायचे मऊ पंचे, सगळं समोर मांडलं आणि एकेक झबलं कागदात, कागदावर फुग्यांचं प्लास्टिक, त्यावर पुठ्ठा, त्यावर चिकटपट्टी!

"अरे, झबलं आहे ते. झुंबर नाही," बायको म्हणाली.

"झुंबरं रग्गड बांधलीत. झबलं पहिलंच आहे!"

"आणि दवाखान्यात उघडायचं कसं?"

"उघडणं हे बांधणाऱ्याचं काम नव्हे!"

ती काहीतरी बोलणार होती. मग हसली आणि चष्मा पुसत बसून राहिली. तिचा चष्मा म्हणजे बाटलीचं बूड! तो काढला की तिला हातभर अंतरावरचा नवरा आणि खुंटीवरचा सदरा यांत फरक कळत नाही.

पेटी भरली. झाकण लावलं, हलवून पाहिली. आतून 'खुट्!'

पोकळी!

कागदाचे बोळे कोंबले. खुट्! कापूस कोंबला. खुट्! माझे पायमोजे कोंबले. (धुतलेले होते.) तरी खुट्! दुसऱ्या दिवशी सकाळी कामावर निघता निघता पुन्हा हलवून पाहिली, पुन्हा खुट्! एवढ्यात टेबलावर नजर गेली. तिथे चष्म्याचं घर होतं. काळं, टणक आणि नेमकं त्या पोकळीच्या मापाचं! बायको अंघोळीला गेली होती. चष्मा असतो नाकावर, मग घर रिकामंच असणार, असा विचार करून मी ते आत बसवलं. पेटी हलवली. चिडीचूप! झाकण स्क्रूंनी आवळलं, वर झोकात लिहिलं, 'नाजूक. ही बाजू वर.' आणि शीळ घालत बाहेर पडलो.

आता मला सांगा, अंघोळीला जाताना चष्मा नाकावर ठेवून कोण जातं?

त्या दिवशी एका दंतवैद्यांचं बिऱ्हाड हलवायचं होतं. काम ऐन भरात आलं आणि एक पेटी कमी पडली. मी माझ्या जोडीदाराला हाक मारली. त्याला सगळे सुतळी म्हणतात. अंगाने तसाच आहे, पण उचलायला लागला की दोरखंड!

"सुतळ्या, माझ्या घरी एक रिकामी पेटी आहे. ट्रक तिथूनच जाईल, तेवढी घे. परस्पर नव्या घरी ने, सुटं राहिलेलं सामान तिथे तिच्यात भरून ठेवू."

सुतळी गेला. पुढचं मला नंतर कळलं. दारात जाऊन तो म्हणाला, "वहिनी, वस्तादांनी पेटी मागितलीय." सकाळपासून चष्मा शोधून दमलेल्या वहिनींनी कोपऱ्यातल्या तपकिरी धुक्याकडे बोट दाखवलं, "ती बघा, तीच असेल." सुतळीने उचलली. रिकामी पेटी इतकी जड कशी, हा विचार त्याच्या मनात आला म्हणे. पण वर वस्तादांचं अक्षर! तो बिचारा ती घेऊन गेला आणि ट्रकमध्ये चढवून मोकळा झाला.

आणि मी दंतवैद्यांच्या जुन्या घरात गाद्या बांधत असताना सासूबाईंचा फोन! "जावईबापू, सुरू झालं हो!"

मी घरी कसा पोचलो ते माझ्या चपलांना विचारा. एक तर अजून वाटेतच आहे. आत बायको कमरेवर हात ठेवून, वेणी घालून, डोळे बारीक करून उभी.

"कोण? तू आहेस का दूधवाला?"

"मीच! पेटी कुठाय?"

कोपऱ्यात रिकामी पेटी आ वासून बसली होती. भरलेली गायब!

"सुतळीभाऊजी घेऊन गेले ना, तू सांगितलंस म्हणून. अरे, माझा चष्मा पाहिलास का? काळ्या घरात ठेवून अंघोळीला गेले, तो घरासकट नाहीसा झालाय."

माझ्या पोटात जे 'खुट्' झालं ते साऱ्या आळीला ऐकू गेलं असेल.

"चष्मा... पेटीत आहे."

"पेटीत? बरं, असू दे. चष्मा राहू दे, पेटी राहू दे, तू चल माझ्याबरोबर."

"आणि बाळाला काय रद्दीत गुंडाळायचं? आणि तू त्याला बघणार कशी?"

"अरे, ऐक तरी. मी ना..."

"बोलू नकोस! नुसता श्वास घे!" एवढं बोलून, तिला आणि सासूबाईंना रिक्षात बसवून मी उलट दिशेला धावलो.

दंतवैद्यांचं नवं घर! बाहेरच्या खोलीत पेट्यांचा डोंगर, आणि डोंगरातल्या प्रत्येक पेटीवर माझंच वळणदार अक्षर, 'नाजूक. ही बाजू वर.' 'नाजूक. ही बाजू वर.' 'नाजूक. ही बाजू वर.' जिकडे पाहावं तिकडे मीच!

"सुतळ्या, माझी कुठली?"

"वस्ताद, तुम्हीच तर म्हणता की ओळखू येता कामा नये."

पहिली पेटी फोडली. आतून प्लॅस्टरचे जबडे माझ्याकडे बघून हसले. दुसरी फोडली. आणखी जबडे! सारं गाव दात काढत होतं. तेवढ्यात दंतवैद्य धावत आले.

"अहो, हे काय? बांधलेलं सोडताय? माझे रुग्ण आहेत ते!"

"डॉक्टर, माझं बाळ आहे यात!"

त्यांचा स्वतःचाच जबडा खाली आला. "पेटीत?"

समजावून सांगायला वेळ कुठला? फोन वाजला. सासूबाई विचारत होत्या, "कुठवर आलात?"

"दातांपर्यंत!"

"अहो, मुलगी काय सांगतेय ते ऐका तरी..."

"तिला म्हणावं, आलोच!" मी फोन ठेवला. शेवटी अगदी तळाच्या एका पेटीच्या फटीतून माझ्या पायमोज्याचं टोक डोकावताना दिसलं. जन्मात कधी पायमोजा बघून डोळ्यांत पाणी आलं नव्हतं!

उघडत बसलो असतो तर संध्याकाळ झाली असती. म्हणून अख्खी पेटीच ट्रकमध्ये घातली. दवाखान्याच्या दारावरच्या रखवालदाराने वरची अक्षरं वाचली आणि मोठ्या अदबीने म्हणाला, "यंत्र ना? तळघरात ठेवा." आम्ही 'नाही, नाही' म्हणेपर्यंत त्याने आम्हाला सामानाच्या लिफ्टमध्ये घालून खाली पाठवलंसुद्धा! तिथून जिन्याने वर येताना सुतळी मागून ओरडत होता, "वस्ताद, तिरकी होतेय! ही बाजू वर!"

प्रसूतीच्या खोलीबाहेर पेटी टेकवली आणि उघडायला बसलो. मग माझा बाप काय चीज होता आणि मी त्याचा केवढा आज्ञाधारक मुलगा, ते सगळ्यांना दिसलं. स्क्रू निघेनात. निघाले तर पट्टी निघेना. पट्टी निघाली तर पुठ्ठा, पुठ्ठ्याखाली फुगे, फुग्यांखाली कागद! पॅसेज भरून गेला. बाकावरचे एक गंभीर आजोबा फुगे फोडायला लागले. फट्! फट्! नर्स बाहेर आली आणि म्हणाली, "शांतता! इथे काय फ्रीज दुरुस्त करताय?"

तेवढ्यात दाराआडून एक आवाज आला. बारीक, नवा, कशातही न गुंडाळलेला.

माझे हात पेटीत कोपरापर्यंत होते, ते तिथेच राहिले.

मी आत गेलो तेव्हा माझ्या एका हातात चष्म्याचं काळं घर होतं, दुसऱ्या हातात कागदात गुंडाळलेलं झबलं, आणि एका पायात चप्पल. आणि लेक? लेक आधीच पिवळं झबलं घालून, टोपडं बांधून, मऊ दुपट्यात गुरफटून आईच्या कुशीत! यातलं काहीही मी बांधलेलं नव्हतं. सासूबाईंच्या खांद्यावर एक कापडी पिशवी होती. तिला ना पट्टी, ना पुठ्ठा, नुसती एक सुरगाठ.

"ही... ही पिशवी कुठली?"

सासूबाई खिडकीबाहेर बघायला लागल्या. नर्सने लेकीला माझ्या हातात दिलं. सगळ्या गावाचे आरसे पेललेले हात! पण हिला धरायचं कसं तेच त्यांना ठाऊक नव्हतं. मी घाबरून विचारलं, "कुठली बाजू वर?"

"डोक्याची!" नर्स म्हणाली.

बायको हसून हसून दमली. मग मी तिला चष्मा दिला. तिने तो घातला नाही, उशाशी ठेवला आणि म्हणाली, "पिशवी मी कधीचीच भरून ठेवली होती, दाराच्या मागे. तुला सांगितलं नाही. तू बांधायला बसलास ना, तेवढा वेळ तरी माझ्याजवळ एका जागी होतास. म्हटलं, बांधू दे बापडा."

"पण चष्मा? त्याच्यासाठी तरी मला जायलाच हवं होतं ना? तू हिला पाहिलंस कशी?"

"अरे वेड्या, नाकाशी धरलं की मला सगळं दिसतं. हिची पापणी न् पापणी पाहिली मी. चष्मा लागतो तो लांबचं बघायला," ती म्हणाली. "आणि लांब तर तूच होतास!"