आज कोणाला हाणायचा?

आमच्या शेजारच्या गजाभाऊजींकडे दर शनिवारी संध्याकाळी लोक तक्रारी घेऊन येतात. भाऊजी काही सरपंच नव्हेत. पूर्वी फिरत्या टॉकीजमध्ये मशीन चालवायचे. आजही अंगणात चादर बांधून जुने मुके विनोदी सिनेमे दाखवतात. गोष्ट बहुतेक एकच: फाटका नोकर जाड्या मालकाला चुन्याच्या बादलीत बसवतो आणि पळतो. सिनेमाला आवाज नाही, म्हणून तो भाऊजी देतात, रत्नागिरीच्या बोलीत.

आधी विचारतात, "बोला, आज कोणाला हाणायचा?"

ज्याचा आठवडा वाईट गेला असेल तो नाव देतो. आंब्याच्या कारखान्यातल्या बायका मुकादमाचं देतात, खलाशी बोटीवरच्या तांडेलाचं. जाड्या आपटला की भाऊजी ओरडतात, "काय मुकादमानू, पडलाव? बसा आता गारेगार!" बायका पदरात तोंड घालून हसतात आणि सोमवारी निमूट कामावर जातात.

मीही एकदा नाव दिलं होतं. नवी नवरी मी, अक्कल अजून माहेरच्या ट्रंकेत. सासूबाईंचं नाव दिलं! जाड्याला मिशा आहेत हे लक्षात आलं नाही, आणि सासूबाई पहिल्या रांगेत आहेत हे तर नाहीच. त्या सगळ्यांत जोरात हसल्या. पुढच्या शनिवारी त्यांनी माझं नाव दिलं.

यंदा मे महिन्यात भाऊजींची लेक सुमन आली, नऊ वर्षांनी. तिने आपल्या मनाने लग्न केलं तेव्हा भाऊजींनी दार लावून घेतलं होतं. आता आली ती आजारी आईला बघायला. बापाशी चकार शब्द नाही, आणि दुसऱ्याच दिवशी परतीची गाडी. भाऊजी दोनदा तिच्यासमोर जाऊन उभे राहिले आणि "नळाला पाणी आलं काय गो?" एवढंच विचारून मागे फिरले.

शनिवारच होता तो; संध्याकाळी आईने ढकललं म्हणून सुमन अंगणात आली, मागे माझ्याशेजारी बसली. भाऊजींनी आज कोणाला नाव विचारलंच नाही. चादरीवर जाड्या दारात आडवा उभा राहिला.

"हा गजानन," भाऊजी म्हणाले. "पोटच्या पोरीला दारातनं परत धाडलान मेल्याने."

कोणी हसेना. नोकराने लाथ घातली, जाड्या बादलीत बसला. भाऊजी मशीनवर वाकून रीळ चाचपत राहिले.

सुमनने नाक पुसलं. "बाबा," ती मागून ओरडली, "ती लाथ परत दाखवा. मला नीट दिसली नाही."

भाऊजींनी ती सहा वेळा दाखवली. सहाव्या वेळी जाड्याला आवाज सुमनने दिला.